विल्यम थॉमसन (लॉर्ड केल्व्हिन)

विल्यम थॉमसन, पहिले बॅरन केल्व्हिन (जन्म : २६ जून १८२४, बेलफास्ट, आयर्लंड, मृत्यू : १७ डिसेंबर १९०७, लार्ग्ज, स्कॉटलंड) हे ब्रिटिश गणितज्ञ, भौतिकशास्त्रज्ञ आणि अभियंते होते. निरपेक्ष तापमानश्रेणी व ऊष्मागतिकीचा दुसरा नियम यांवरील कार्यामुळे ते विशेष प्रसिद्ध आहेत. तापमानाच्या आंतरराष्ट्रीय एककाला त्यांच्यावरून केल्व्हिन हे नाव देण्यात आले आहे. त्यांच्या हयातीत मात्र सर्वसामान्य लोकांना त्यांची ओळख झाली ती अटलांटिक महासागराखालील तारायंत्राच्या केबलमुळे. केबलची निवड, तपासणी, तिचे संरक्षण आणि तिच्यातून सोडावयाच्या विद्युतधारेचे नियमन या बाबी अनुभवी कारागिरांच्या अंदाजावर न सोडता मोजमापाने ठरवाव्यात, हा आग्रह त्यांनी सुमारे पन्नास वर्षे धरला. आजच्या विद्युत केबलींच्या चाचण्यांची व मानकांची बरीचशी पायाभरणी या काळात झाली.

सुरुवातीचे जीवन आणि शिक्षण

विल्यम यांचे वडील जेम्स थॉमसन हे बेलफास्ट येथे गणिताचे शिक्षक होते. आई मार्गारेट यांचे १८३० मध्ये निधन झाले. त्यानंतर वडिलांची ग्लासगो विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक म्हणून नेमणूक झाल्याने कुटुंब स्कॉटलंडला आले. मुलांचे आरंभीचे शिक्षण वडिलांनी स्वतःच घरी केले. विल्यम यांनी १८३४ मध्ये, वयाच्या दहाव्या वर्षी, ग्लासगो विद्यापीठात प्रवेश घेतला. त्या काळी तेथे हुशार मुलांना लहान वयात प्रवेश मिळत असे.

किशोरवयातच त्यांनी फ्रेंच गणितज्ञ फूरिये यांचा उष्णतावहनावरील ग्रंथ अभ्यासला. पुढे केंब्रिज येथील पीटरहाउस महाविद्यालयात शिकत असताना, १८४२ मध्ये त्यांनी एक निबंध प्रसिद्ध केला. घन पदार्थातून उष्णता वाहण्याचे गणित आणि स्थिर विद्युतशास्त्राचे गणित यांतील साम्य त्यात दाखवले होते. हे साम्य बारा वर्षांनी सागरी केबलचा प्रश्न सोडवताना त्यांच्या उपयोगी पडले. १८४५ मध्ये केंब्रिजच्या गणित परीक्षेत ते दुसऱ्या क्रमांकाने उत्तीर्ण झाले. त्यानंतर काही काळ त्यांनी पॅरिसमध्ये रेन्यो यांच्या प्रयोगशाळेत काम केले. काटेकोर मोजमापाची शिस्त त्यांनी येथे आत्मसात केली.

१८४६ मध्ये, वयाच्या बाविसाव्या वर्षी, ते ग्लासगो विद्यापीठात निसर्गविज्ञानाचे प्राध्यापक झाले. या पदावर ते १८९९ पर्यंत, म्हणजे ५३ वर्षे राहिले. त्यांनी तेथे विद्यार्थ्यांसाठी भौतिकशास्त्राची प्रयोगशाळा उभारली. ब्रिटनमधील विद्यापीठांत अशी सोय तेव्हा जवळजवळ नव्हती. पुढे केबलसाठीच्या तांब्याच्या तारांचे अनेक नमुने याच प्रयोगशाळेत तपासले गेले.

सागरी केबलचा प्रश्न

जमिनीवरील तारायंत्राच्या तारा खांबांवरून उघड्या नेल्या जात आणि हवा हाच त्यांचा विद्युतरोधक असे. पाण्याखालील तारेला स्वतंत्र आवरणाची गरज होती. आग्नेय आशियातील झाडांच्या चिकापासून मिळणारा गटापर्चा हा पदार्थ त्यासाठी योग्य ठरला. गरम केल्यावर तो मऊ होतो, थंड झाल्यावर कठीण होतो आणि समुद्राच्या पाण्यात टिकतो. १८५० मध्ये इंग्लंड व फ्रान्स यांच्यामध्ये टाकलेली पहिली तार केवळ गटापर्चाने मढवलेली होती. ती लगेच तुटली. १८५१ मध्ये त्याच मार्गावर लोखंडी तारांचे चिलखत असलेली केबल टाकण्यात आली आणि ती यशस्वी ठरली. संवाहक, विद्युतरोधक आणि चिलखत असे केबलचे तीन भाग तेव्हापासून रूढ झाले.

लांब केबलींमध्ये मात्र एक नवी अडचण दिसू लागली. एका टोकाला क्षणभर दिलेला विद्युत संकेत दुसऱ्या टोकाला उशिरा व पसरट होऊन पोहोचत असे. संकेत भरभर पाठवल्यास ते एकमेकांत मिसळत. फॅरेडे यांनी १८५४ मध्ये याचे कारण स्पष्ट केले. आतील तांबे आणि बाहेरील समुद्राचे पाणी यांच्यामध्ये विद्युतरोधक असल्याने संपूर्ण केबल विद्युतभार साठवणाऱ्या एका लांबलचक धारित्रासारखी वागते. प्रत्येक संकेताला आधी हे धारित्र भरावे लागते.

वर्गनियम

थॉमसन यांनी १८५४ मध्ये स्टोक्स यांच्याशी झालेल्या पत्रव्यवहारात या प्रश्नाचे गणित मांडले आणि १८५५ मध्ये ते रॉयल सोसायटीपुढे प्रसिद्ध झाले. केबलमधील विद्युतदाबाचा प्रसार हा लोखंडाच्या लांब कांबीतून उष्णता पसरण्यासारखा असतो, असे त्यांनी दाखवले. त्यांच्या समीकरणानुसार संकेताला होणारा विलंब हा दर एकक लांबीचा रोध, दर एकक लांबीची धारिता आणि लांबीचा वर्ग या तिन्हींच्या गुणाकाराच्या प्रमाणात असतो. त्यामुळे हा निष्कर्ष वर्गनियम म्हणून ओळखला जातो.

या नियमाचा व्यावहारिक अर्थ गंभीर होता. ३०० किलोमीटरच्या केबलपेक्षा त्याच जातीच्या ३,००० किलोमीटरच्या केबलमध्ये विलंब दहापट नव्हे, तर शंभरपट होणार होता. यावर उपायही त्याच समीकरणात होता. संवाहकाचा आणि विद्युतरोधकाचा असे दोन्ही व्यास दुप्पट केल्यास धारिता तीच राहते, रोध मात्र एक चतुर्थांश होतो आणि विलंबही तितकाच घटतो. म्हणून केबल जितकी लांब तितके तिच्यातील तांबे व गटापर्चा जाड असावे, असे थॉमसन यांचे म्हणणे होते. अर्थात यामुळे केबल जड आणि महाग होणार होती.

अटलांटिक टेलिग्राफ कंपनीचे विद्युततज्ज्ञ वाइल्डमन व्हाइटहाउस यांना हा नियम मान्य नव्हता. ते व्यवसायाने शल्यचिकित्सक होते आणि विद्युतशास्त्र त्यांनी स्वतःच्या प्रयोगांतून शिकून घेतले होते. १८५६ मध्ये ब्रिटिश असोसिएशनच्या अधिवेशनात त्यांनी आपल्या प्रयोगांच्या आधारे वर्गनियम नाकारला. संवाहक जाड करण्याची गरज नाही, अधिक विद्युतदाब दिला की संकेत पोहोचेल, अशी त्यांची धारणा होती. थॉमसन यांनी जाहीर पत्रव्यवहारातून त्यांना उत्तर दिले. या वादाचा निकाल लागला तो पुढे अटलांटिकच्या तळाशी.

१८५७ ची केबल आणि तांब्याची तपासणी

अटलांटिक टेलिग्राफ कंपनीची स्थापना १८५६ मध्ये ३,५०,००० पौंडांच्या भांडवलावर झाली. अमेरिकन उद्योजक सायरस फील्ड हे तिचे प्रमुख प्रवर्तक होते. स्कॉटलंडमधील भागधारकांनी थॉमसन यांना संचालक म्हणून निवडून दिले. परंतु ते मंडळावर आले तेव्हा केबलचा आराखडा ठरून गेला होता. तिच्यात एका सागरी मैलाला १०७ पौंड (सुमारे ४८ किलोग्रॅम) तांबे आणि २६१ पौंड (सुमारे ११८ किलोग्रॅम) गटापर्चा होते. थॉमसन यांच्या दृष्टीने एवढ्या लांबीसाठी हे तांबे अपुरे होते. निर्मितीचे काम दोन कारखान्यांत वाटून दिलेले होते. दोन्ही ठिकाणी चिलखताच्या तारांचा पीळ परस्परविरुद्ध दिशांनी दिला गेल्याचे नंतर लक्षात आले. समुद्रात दोन्ही भाग जोडताना पीळ उलगडू नये म्हणून खास व्यवस्था करावी लागली.

आराखडा बदलणे शक्य नसल्याने थॉमसन यांनी तांब्याच्या दर्जाकडे लक्ष वळवले. बाजारात मिळणाऱ्या तांब्याच्या निरनिराळ्या तारा त्यांनी आपल्या प्रयोगशाळेत मोजल्या. दिसायला सारख्या आणि वजनानेही सारख्या असलेल्या तारांच्या वाहकतेत मोठी तफावत असल्याचे त्यांना आढळले. अल्प प्रमाणातील अशुद्धीनेही तांब्याची वाहकता बरीच घटते. हे निष्कर्ष त्यांनी १८५७ मध्ये प्रसिद्ध केले. तोपर्यंत केबलसाठी तांबे खरेदी करताना वजन, जाडी आणि मजबुती एवढेच पाहिले जाई. वाहकतेची अट करारात घालावी आणि प्रत्येक तुकडा कारखान्यातच विद्युत चाचणीने तपासून घ्यावा, ही त्यांची मागणी सुरुवातीला अव्यवहार्य मानली गेली. पुढील मोहिमेसाठी जादा केबल बनवताना मात्र ती स्वीकारण्यात आली. विद्युत चाचणीवरून माल स्वीकारण्याचे वा नाकारण्याचे हे अगदी आरंभीचे उदाहरण होय.

ऑगस्ट १८५७ मध्ये आयर्लंडमधील व्हॅलेन्शिया येथून केबल टाकण्यास सुरुवात झाली. प्रकृतीच्या कारणास्तव व्हाइटहाउस जहाजावर गेले नाहीत, म्हणून थॉमसन विनावेतन सोबत गेले. ११ ऑगस्ट रोजी सुमारे ३,६०० मीटर खोल पाण्यात केबल तुटली. लाटेबरोबर जहाजाचा मागील भाग वर उचलला जात असताना केबल सोडणाऱ्या यंत्राचा ब्रेक गरजेपेक्षा जास्त आवळला गेला होता. या घटनेनंतर थॉमसन यांनी खोल समुद्रात उतरणाऱ्या केबलवरील ताणाचे गणित केले. जहाजाचा वेग व केबल सोडण्याचा वेग स्थिर असतील, तर पाण्यातील केबल वक्राकार न राहता जवळजवळ सरळ तिरकस रेषेत तळाकडे जाते, असे त्यांनी दाखवले. ब्रेकचा ताण किती ठेवावा आणि केबल किती सैल सोडावी, हे यावरून ठरवता येऊ लागले.

१८५८ चे यश आणि अपयश

१८५८ च्या जूनमध्ये दुसरा प्रयत्न झाला. ॲगमेम्नॉन व नायगारा या दोन जहाजांनी महासागराच्या मध्यावर केबल जोडून परस्परविरुद्ध दिशांना जावे, अशी योजना होती. त्याआधीच ॲगमेम्नॉन भीषण वादळात सापडले. थॉमसन याच जहाजावर होते. वादळानंतर केबल वारंवार तुटली आणि जहाजांना परतावे लागले. जुलैअखेरीस पुन्हा प्रयत्न झाला आणि ५ ऑगस्ट १८५८ रोजी आयर्लंड व न्यूफाउंडलंड केबलने जोडले गेले. दोन्ही देशांत मोठा जल्लोष झाला.

केबलचा विद्युतरोध मात्र आरंभापासूनच कमकुवत होता. तयार केबल उघड्यावर उन्हात ठेवली गेल्याने काही ठिकाणी गटापर्चा मऊ होऊन तांब्याची तार मध्यभागावरून सरकली होती. शिवाय ती अनेकदा गुंडाळली व उलगडली गेली होती. अशा केबलला व्हाइटहाउस यांनी मोठ्या प्रेरण-वेटोळ्यांच्या साहाय्याने सुमारे २,००० व्होल्टपर्यंतचा दाब दिला. त्यांच्या ग्राहक यंत्रांवर संदेश उमटत नव्हते. थॉमसन यांनी त्याच वर्षी तयार केलेल्या आरसा गॅल्व्हानोमीटरवर मात्र ते वाचता येत होते. या उपकरणात लहानशा आरशाच्या पाठीस बारीक चुंबक चिकटवलेले असत. अत्यंत क्षीण धारेनेही आरसा किंचित वळे आणि त्यावरून परावर्तित होणारा प्रकाशाचा ठिपका मोजपट्टीवर डावीकडे वा उजवीकडे सरके. क्षीण धारा पुरेशी ठरल्याने केबलवर मोठा दाब देण्याची गरजच उरत नव्हती.

व्हिक्टोरिया राणीचा ९८ शब्दांचा संदेश अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांकडे पोहोचण्यास सुमारे १६ तास लागले. व्हाइटहाउस यांनी थॉमसन यांच्या उपकरणावर वाचलेले संदेश स्वतःच्या यंत्रावर आल्याचे भासवले, असे उघडकीस आले. संचालक मंडळाने त्यांना पदावरून दूर केले आणि व्हॅलेन्शिया येथील कामाची सूत्रे थॉमसन यांच्याकडे आली. त्यांनी साध्या डॅनियल विद्युतघटांचा अल्प दाब वापरून काही दिवस संदेशवहन चालू ठेवले. या अवधीत ब्रिटिश सरकारने कॅनडातील सैन्याला पाठवलेला एक संदेश विशेष उल्लेखनीय आहे. भारतातील १८५७ च्या उठावामुळे तेथील दोन पलटणींना परत येण्याचा हुकूम देण्यात आला होता. उठाव शमत आल्याने तो या केबलवरून रद्द करण्यात आला आणि सुमारे ५०,००० पौंडांचा खर्च वाचला.

सप्टेंबरच्या आरंभी केबल जवळजवळ निकामी झाली आणि ऑक्टोबरमध्ये ती पूर्ण बंद पडली. तोपर्यंत तिच्यावरून सातशेहून अधिक संदेश गेले होते. काही लोकांनी ही केबल मुळात चाललीच नव्हती, असाही संशय व्यक्त केला.

चौकशी समिती

सागरी केबलींवरील विश्वासाला दुसरा धक्का बसला तो भारताच्या मार्गावर. सुएझपासून एडनमार्गे कराचीपर्यंतची केबल १८५९-६० मध्ये टाकण्यात आली होती. सुमारे ८,००,००० पौंडांच्या भांडवलाला ब्रिटिश सरकारने हमी दिली होती. ही केबल हलक्या चिलखताची होती आणि तळाच्या उंचसखलपणाचा विचार न करता ताणून टाकलेली होती. ती थोड्याच काळात ठिकठिकाणी तुटली. संपूर्ण मार्गावर ती उपयुक्त अशी कधीच चालली नाही, तरी हमीचा भार सरकारवर राहिला.

या पार्श्वभूमीवर ब्रिटिश सरकारचे व्यापार मंडळ आणि अटलांटिक टेलिग्राफ कंपनी यांनी संयुक्त चौकशी समिती नेमली. कॅप्टन डग्लस गाल्टन हे तिचे अध्यक्ष होते. व्हीट्स्टन, फेअरबेर्न, व्हार्ली व लॅटिमर क्लार्क यांसारखे तज्ज्ञ तिचे सदस्य होते. थॉमसन यांनी समितीपुढे विस्तृत साक्ष दिली. १८६१ च्या अहवालात असे नमूद झाले, की तोवर टाकलेल्या सुमारे ११,३६४ मैल सागरी केबलींपैकी जेमतेम ३,००० मैल चालू स्थितीत होत्या. निर्मितीतील निष्काळजीपणा, अपुऱ्या चाचण्या आणि समुद्रतळाविषयीचे अज्ञान ही अपयशाची कारणे समितीने दाखवली. योग्य आराखडा, शुद्ध तांबे, प्रत्येक टप्प्यावर चाचणी आणि अल्प दाबाचा वापर झाल्यास लांब केबल यशस्वी होऊ शकेल, असा तिचा निष्कर्ष होता. थॉमसन यांनी १८५५ पासून धरलेल्या आग्रहाला अशा प्रकारे अधिकृत मान्यता मिळाली.

मोजमापाची एकके

चाचणीचे निकाल सर्वत्र एकाच भाषेत सांगता यावेत, यासाठी समान एककांची गरज होती. तोपर्यंत रोध हा अमुक जाडीच्या तारेच्या मैलांत सांगितला जाई. तारेचे तांबेच भिन्न दर्जाचे असल्याने एका कारखान्याचे आकडे दुसऱ्याला निरुपयोगी ठरत. थॉमसन यांच्या प्रेरणेने ब्रिटिश असोसिएशनने १८६१ मध्ये विद्युत रोधाच्या मानकासाठी समिती नेमली. फ्लीमिंग जेंकिन आणि मॅक्सवेल यांनीही तिच्यात महत्त्वाचे काम केले. या समितीने तयार केलेली प्रमाणित वेटोळी १८६५ पासून वापरात आली. ओहम आणि व्होल्ट या एककांचा पाया याच कामातून घातला गेला आणि १८८१ च्या पॅरिस येथील आंतरराष्ट्रीय परिषदेत त्यांना व्यापक मान्यता मिळाली.

अतिशय अल्प रोध अचूक मोजण्यासाठी थॉमसन यांनी दुहेरी सेतूची रचना शोधली. केल्व्हिन सेतू या नावाने ओळखले जाणारे हे मंडल जाड संवाहकांचा रोध मोजण्यासाठी आजही अभियांत्रिकी महाविद्यालयांत शिकवले जाते. संवाहकाचा दर मैलाचा रोध अचूक ठाऊक असेल, तर किनाऱ्यावरील मापनावरून बिघाड किती अंतरावर आहे हे काढता येते. दुरुस्तीच्या जहाजाने कोठे जावे, हे त्यावरून ठरत असल्याने एककांना व्यापारी महत्त्वही प्राप्त झाले.

१८६५-६६ ची मोहीम

नव्या केबलमध्ये एका सागरी मैलाला ३०० पौंड (सुमारे १३६ किलोग्रॅम) तांबे आणि ४०० पौंड (सुमारे १८१ किलोग्रॅम) गटापर्चा होते. तांबे आधीच्या जवळजवळ तिप्पट होते. चिलखतासाठी दहा भक्कम लोखंडी तारा होत्या आणि प्रत्येक तार मनिला तागाने वेढलेली होती. त्यामुळे पाण्यातील वजन कमी राहून मजबुती वाढली. अकरा सागरी मैल लांबीचा स्वतःचा भार पाण्यात पेलण्याइतकी ही केबल बळकट होती. सर्व लांबी कारखान्यात पाण्याखाली ठेवून तपासण्यात आली.

१८६५ मध्ये ग्रेट ईस्टर्न या प्रचंड जहाजाने ही केबल एकट्याने वाहून नेली. थॉमसन सल्लागार म्हणून जहाजावर होते. केबल सोडत असतानाही तिची चाचणी सतत चालू होती. आवरणात घुसलेल्या लोखंडी तारेच्या तुकड्यांमुळे निर्माण झालेले दोष त्यामुळे लगेच लक्षात आले आणि केबल मागे ओढून ते दुरुस्त करता आले. अशाच एका दुरुस्तीच्या वेळी २ ऑगस्ट रोजी केबल तुटून सुमारे चार किलोमीटर खोल पाण्यात गेली. पुढील वर्षी नवी केबल घेऊन तेच जहाज निघाले आणि २७ जुलै १८६६ रोजी ती न्यूफाउंडलंडमधील हार्ट्स कंटेंट येथे पोहोचली. त्यानंतर १८६५ ची हरवलेली केबलही तळावरून उचलून पूर्ण करण्यात आली. एका वेळी दोन केबली उपलब्ध झाल्या. दोन्ही केबली पलीकडील टोकास जोडून लॅटिमर क्लार्क यांनी एक प्रयोग केला. शिवणकामाच्या अंगुस्तानात थोडे आम्ल व जस्ताचा तुकडा घालून केलेल्या विद्युतघटाने अटलांटिक दोनदा ओलांडणारा संकेत पाठवता आला. आठ वर्षांपूर्वी २,००० व्होल्टने जे साधले नव्हते, ते चांगली केबल व संवेदनक्षम उपकरण यांमुळे सुमारे एका व्होल्टने साधले.

या कामगिरीबद्दल थॉमसन यांना १० नोव्हेंबर १८६६ रोजी सर हा किताब देण्यात आला.

भारताशी केबलसंबंध

१८६७ मध्ये थॉमसन यांनी सायफन रेकॉर्डर या उपकरणाचे पेटंट घेतले. बारीक काचनळीतून येणारी शाई सरकत्या कागदी पट्टीवर वेडीवाकडी रेषा काढत असे आणि तिच्यावरून संदेश वाचला जाई. आरशावरील ठिपक्याकडे सतत टक लावून बसण्याची गरज त्यामुळे उरली नाही आणि संदेशाची नोंदही राहू लागली. दीर्घ सागरी केबलींवर हे उपकरण अनेक दशके वापरात होते.

१८७० मध्ये ग्रेट ईस्टर्न जहाजाने मुंबई ते एडन ही केबल टाकली. एडन, सुएझ, अलेक्झांड्रिया, माल्टा व जिब्राल्टर या मार्गाने मुंबई त्याच वर्षी लंडनशी जोडली गेली. तांबड्या समुद्रातील पहिल्या केबलनंतर दहा वर्षांनी मिळालेले हे यश चौकशी समितीने सुचवलेल्या पद्धतींचे फलित होते. मुंबईच्या व्यापाराला विशेषतः कापसाच्या बाजारभावांसाठी या दुव्याचा मोठा उपयोग झाला.

वीजवाहक तारांच्या निवडीचा नियम

विजेचे दिवे प्रचारात येऊ लागल्यावर प्रश्नाचे स्वरूप बदलले. तारायंत्राच्या केबलमध्ये संकेत वेळेत पोहोचणे महत्त्वाचे होते, तर वीजवाहक तारेत उष्णतेच्या रूपाने वाया जाणारी ऊर्जा महत्त्वाची ठरली. बारीक तार स्वस्त पडते, पण तिच्यात वीज अधिक वाया जाते. जाड तारेत वीज वाचते, पण तांब्यात पैसा अडकतो. थॉमसन यांनी १८८१ मध्ये ब्रिटिश असोसिएशनच्या यॉर्क येथील अधिवेशनात या प्रश्नाचे उत्तर दिले. तांब्यात गुंतवलेल्या भांडवलाचे वार्षिक व्याज आणि वर्षभरात वाया जाणाऱ्या विजेची किंमत हे दोन खर्च जेथे समान होतात, ती जाडी सर्वांत किफायतशीर असते. हा निष्कर्ष केल्व्हिनचा नियम म्हणून ओळखला जातो.

एका कल्पित उदाहरणाने हा नियम स्पष्ट होईल. १०० चौरस मिलिमीटर छेदाच्या तारेचे वार्षिक व्याज ४,००० रुपये आणि वाया जाणारी वीज १६,००० रुपयांची आहे, असे मानू. एकूण खर्च २०,००० रुपये होतो. छेद दुप्पट केल्यास व्याज ८,००० आणि वीजहानीही ८,००० होऊन एकूण १६,००० रुपये लागतात. छेद चौपट केल्यास व्याज १६,००० व हानी ४,००० होते आणि एकूण खर्च पुन्हा २०,००० वर जातो.

या नियमाला मर्यादा आहेत. तार किती तापेल, टोकाला दाब किती घटेल, शॉर्ट सर्किटच्या वेळी केबल टिकेल काय, यांचा विचार त्यात नाही. म्हणून प्रत्यक्षात तापमान व दाबघट यांच्या अटी आधी तपासतात. किफायतशीर जाडी ठरवण्यासाठी मात्र या नियमाची सुधारित रूपे आजही वापरली जातात.

मतभेद आणि मर्यादा

थॉमसन यांचे सर्वच निर्णय काळाच्या कसोटीला उतरले नाहीत. वर्गनियमात केबलच्या स्वप्रेरणाचा विचार नव्हता. मंदगती तारायंत्राला तो पुरेसा होता, परंतु दूरध्वनीला लागू पडत नव्हता. ही उणीव ऑलिव्हर हेविसाइड यांनी भरून काढली. हेविसाइड यांची दीर्घकाळ उपेक्षा झाली होती. १८८९ मध्ये विद्युत अभियंत्यांच्या संस्थेचे अध्यक्ष या नात्याने केलेल्या भाषणात थॉमसन यांनी त्यांच्या कार्याची जाहीर दखल घेतली.

नायगारा धबधब्यावरील वीज प्रकल्पासाठी नेमलेल्या आंतरराष्ट्रीय आयोगाचे ते अध्यक्ष होते. वीज दूरवर नेण्यासाठी एकदिश प्रवाहच योग्य असल्याचे त्यांचे मत होते आणि प्रत्यावर्ती प्रवाहाला त्यांनी विरोध केला. प्रकल्पाने प्रत्यावर्ती प्रवाह स्वीकारला आणि १८९६ मध्ये बफेलो शहराला यशस्वीपणे वीज पुरवली. पृथ्वीच्या वयाविषयीचे त्यांचे गणितही पुढे खूपच कमी ठरले.

वैयक्तिक जीवन

थॉमसन यांचा पहिला विवाह १८५२ मध्ये मार्गारेट क्रम यांच्याशी झाला. त्या दीर्घकाळ आजारी होत्या आणि १८७० मध्ये त्यांचे निधन झाले. केबल व उपकरणांच्या पेटंटांतून मिळालेल्या उत्पन्नातून थॉमसन यांनी त्याच वर्षी लाला रूख नावाची शिडाची नौका विकत घेतली. १८७३ मध्ये ब्राझीलकडे निघालेल्या केबल जहाजावर ते होते. केबलमधील दोष शोधण्यासाठी जहाज मदेरा बेटावर सुमारे दोन आठवडे थांबले. तेथे त्यांची ब्लँडी कुटुंबाशी ओळख झाली. पुढील वर्षी याच कुटुंबातील फ्रान्सेस ॲना यांच्याशी त्यांचा विवाह झाला. त्यांना अपत्य नव्हते.

१८९० ते १८९५ या काळात ते रॉयल सोसायटीचे अध्यक्ष होते. १८९२ मध्ये त्यांना उमरावपद मिळाले. ग्लासगो विद्यापीठाजवळून वाहणाऱ्या केल्व्हिन नदीवरून त्यांनी आपल्या पदवीचे नाव घेतले. १७ डिसेंबर १९०७ रोजी लार्ग्ज येथील निवासस्थानी त्यांचे निधन झाले. लंडनमधील वेस्टमिन्स्टर ॲबीमध्ये न्यूटन यांच्या समाधीजवळ त्यांचे दफन करण्यात आले.

वारसा

१९०६ मध्ये स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय विद्युततंत्र आयोगाचे केल्व्हिन हे पहिले अध्यक्ष होते. हा आयोग आज विद्युत केबली व ऑप्टिकल फायबर या दोन्हींसाठी मानके ठरवतो. आयईसी ६०२२८ या मानकात प्रत्येक आकाराच्या संवाहकाचा दर किलोमीटरला कमाल रोध दिलेला असतो. तांब्याचा दर्जा वजनावरून न ठरवता मोजलेल्या रोधावरून ठरवावा, या १८५७ मधील मागणीचेच ते प्रगत रूप आहे.

ऑप्टिकल फायबरमध्ये संकेत प्रकाशाने जात असल्याने वर्गनियम तेथे लागू होत नाही. तरीही अंतराबरोबर प्रकाशस्पंद क्षीण व पसरट होतात आणि फायबरची निवड या दोन गुणधर्मांच्या मापनावरूनच केली जाते. दूरवरच्या सागरी फायबर केबलींमध्ये तळावरील प्रवर्धकांना वीज पुरवणारा तांब्याचा संवाहक, त्यावर विद्युतरोधक आणि किनाऱ्याजवळ लोखंडी चिलखत असते. मुंबईत वर्सोवा येथे किनाऱ्यावर येणाऱ्या आंतरराष्ट्रीय केबलीही कारखान्यात, जहाजावर आणि टाकून झाल्यावर अशा तिन्ही टप्प्यांवर तपासल्या जातात.